डायलिसिसवरच्या माणसाचा विसराळूपणा: आधी काय तपासायचं, मग काय नाव द्यायचं

प्रश्न थोडक्यात असा आहे. वडील ६८ वर्षांचे, डोंबिवलीत राहतात, बँकेत कॅशियर होते. मधुमेह जुना, आणि सात महिन्यांपासून आठवड्यातून दोनदा डायलिसिस. मुलगी लिहिते: "बाबा सकाळची गोळी घेतली का ते विसरतात. सोसायटीच्या मेंटेनन्सचा हिशेब दोनदा करूनही चुकतो. डायलिसिसहून घरी आले की तासभर बोलण्यात गोंधळ असतो. शेजारी म्हणतात, अल्झायमर आहे. सेंटरमध्ये किडनी आणि स्मरणशक्तीवर एक अभ्यास सुरू होतोय, त्याचं संमतीपत्र हातात दिलंय. सही करावी का?"

मी मुंबईत किडनीच्या पेशंटांवर उपचार करते आणि याच विषयावरच्या अभ्यासांमध्ये काम केलं आहे. आधी सरळ उत्तर देते. अल्झायमर म्हणावं इतकं अजून काही तपासलंच गेलेलं नाही. अभ्यासात भाग घ्यायला हरकत नाही, पण सही आज नको, आणि मशीन चालू असताना तर अजिबात नको. त्याआधी या आठवड्यात एक काम करा: घरातली औषधांची पिशवी उलटी करून बाबा जे जे घेतात ते सगळं एका कागदावर लिहून काढा. ते का, हे पुढे येईलच.

तुमच्या वर्णनातला हिशेब मला फार महत्त्वाचा वाटला. ज्या माणसाने आयुष्यभर नोटा मोजल्या आणि संध्याकाळी पैशापैशाचा ताळा जुळवला, त्याला बेरीज येईनाशी झालेली नसते. रकाना धरून ठेवणं, मध्येच कुणी बोललं तरी धागा न सोडणं, एक काम संपवून दुसऱ्याकडे वळणं, हे त्याला जड जात असतं. किडनीच्या आजारात बहुतेकदा आधी बिघडतं ते हेच: लक्ष, विचारांचा वेग आणि आखणी. आठवणी आत शिरलेल्या असतात, पण बाहेर काढायला वेळ लागतो. नेहमीच्या प्रकारच्या अल्झायमरमध्ये सुरुवातीलाच नवीन गोष्ट आत टिकत नाही. म्हणून घरी एवढं बघा: काल रात्री जेवायला काय होतं असं विचारल्यावर बाबा गप्प राहिले, आणि तुम्ही "उसळ होती की पालेभाजी?" असा धागा दिल्यावर त्यांना आठवलं, तर ती किडनीच्या पेशंटांत नेहमी दिसणारी तऱ्हा आहे. धागा देऊनही, जेवल्याचीच आठवण नसेल, तर ते डॉक्टरांना मुद्दाम सांगा. यावरून निदान होत नाही, आणि या वयात दोन्ही एकत्रही असू शकतात. पण डॉक्टरांना "विसरतात" एवढंच सांगण्यापेक्षा हे सांगितलेलं फार उपयोगी पडतं.

ओपीडीत घाईघाईत आजची तारीख, वार, शहर आणि तीन वस्तूंची नावं विचारून "नॉर्मल आहे" म्हणतात, त्यावर थांबू नका. या प्रश्नांत आखणी आणि वेग फारसे तपासलेच जात नाहीत. मॉन्ट्रियलमध्ये तयार झालेली आणि २००५ साली प्रसिद्ध झालेली मोका ही ३० गुणांची चाचणी इथे जास्त कामाची आहे. तिच्यात घड्याळ काढायचं असतं, आकडे आणि अक्षरं आळीपाळीने जोडायची असतात, एका अक्षराने सुरू होणारे शब्द एका मिनिटात सांगायचे असतात. सर्वसाधारणपणे २६ किंवा जास्त गुण म्हणजे ठीक. शिक्षण बारा वर्षांपर्यंतच असेल तर एक गुण वाढवून देतात. डायलिसिसवरच्या पेशंटांसाठी २४ ची रेषा अधिक योग्य ठरते, असं एका जर्मन अभ्यासात दिसलं. चाचणी मराठीत आहे, मराठीतच घ्यायचा आग्रह धरा. चष्मा लावून, ऐकू कमी येत असेल तर यंत्र लावून. मधुमेहाने डोळ्याचा पडदा खराब झालेल्या माणसाला घड्याळ नीट काढता आलं नाही, तर तो दोष मेंदूच्या खात्यात मांडता येणार नाही.

ही चाचणी कधी घेतली, यावरही बरंच काही ठरतं. अमेरिकेतल्या मिनेसोटात २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात त्याच त्या पेशंटांची वेगवेगळ्या वेळी परीक्षा घेतली. डायलिसिस चालू असताना सगळ्यात वाईट, आणि डायलिसिसच्या अगदी आधी किंवा दुसऱ्या दिवशी सगळ्यात चांगली कामगिरी, असं निघालं. आता आपल्याकडे काय होतं ते पाहा. पेशंट चार तास एका जागी असतो, त्यामुळे तीच वेळ सोयीची वाटते आणि सुई टोचलेल्या हाताने त्याला घड्याळ काढायला सांगितलं जातं. त्या आकड्यावरून कुणी वडिलांना डिमेन्शिया, म्हणजे स्मृतिभ्रंश, म्हटलं तर मान्य करू नका. डायलिसिसच्या दुसऱ्या दिवशी सकाळी, नाश्ता झाल्यावर, शांत खोलीत चाचणी करून घ्या.

घरी आल्यावरचा तासाभराचा गोंधळ याच्याशीच जोडलेला असण्याची शक्यता मोठी आहे. नेदरलँड्समध्ये वयस्कर पेशंटांचं डायलिसिसच्या दरम्यान पेट स्कॅन करून पाहिलं, तेव्हा मेंदूकडे जाणारा रक्तप्रवाह सरासरी १० टक्क्यांनी घटलेला दिसला. पेशंट फक्त बारा होते, त्यामुळे त्या आकड्याला चिकटून बसू नये. पण दिशा तीच आहे जी आम्ही रोज पाहतो: पाणी जास्त आणि झपाट्याने काढलं, बीपी पडलं, की माणूस सुन्न होतो. म्हणून सेंटरमधून मागच्या महिन्याचे डायलिसिसचे चार्ट मागून घ्या. प्रत्येक वेळी किती लिटर पाणी काढलं आणि सगळ्यात कमी बीपी किती होतं, एवढंच बघायचं आहे. ताशी, वजनाच्या दर किलोमागे १३ मिलिलिटरच्या वर पाणी काढणं धोक्याचं मानतात. वजन ६० किलो असेल तर चार तासांत साधारण ३.१ लिटर. आठवड्यातून दोनदाच डायलिसिस घेणाऱ्याचं दोन वेळांमधलं वजन याहून जास्त वाढणं मुंबईच्या उकाड्यात अजिबात अवघड नाही.

आणि त्याची सुरुवात स्वयंपाकघरात होते. पापड, लोणचं, फरसाण, ट्रेनमधून उतरल्यावरचा वडापाव: मीठ गेलं की तहान लागते, पाणी प्यायलं जातं, वजन वाढतं, मशीनवर ते सगळं ओढून काढावं लागतं, बीपी पडतं. "पाणी कमी प्या" हा सल्ला सगळे देतात. मीठ कमी केल्याशिवाय तो कुणालाच पाळता येत नाही, आणि मला वाटतं तो तसा देणं पेशंटवर अन्याय आहे. मीठ कमी करा, पण बाजारातलं "लो सोडियम" मीठ आणू नका. त्यात पोटॅशियम असतं आणि डायलिसिसच्या पेशंटला ते जिवावर बेतू शकतं. ड्राय वेट, म्हणजे जादा पाणी काढल्यावर उरायला हवं ते वजन, पुन्हा तपासायला सांगा. डायलिसिसच्या दिवशी सकाळची बीपीची गोळी घ्यायची की नाही, हेही विचारा.

तिसऱ्या डायलिसिसचं काय? आठवड्यातून दोनदा हे वैद्यकीय कारणापेक्षा पैशामुळे आणि प्रवासामुळे ठरतं, हे आपल्याला सगळ्यांना माहीत आहे. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत डायलिसिसचा समावेश आहे, २०१६ पासून केंद्राचा राष्ट्रीय डायलिसिस कार्यक्रम आहे, धर्मादाय सेंटरं आहेत. मेडिकल सोशल वर्करला भेटून बाबा कशात बसतात ते पाहा. तिसऱ्या डायलिसिसने स्मरणशक्ती सुधारेल असं मात्र मी म्हणणार नाही. अमेरिकेत आणि कॅनडात आठवड्यातून सहा वेळा विरुद्ध तीन वेळा अशी रीतसर तुलना झाली, आणि वर्षभराने आखणीच्या क्षमतेत फरक दिसला नाही. तिसरं डायलिसिस मागायचं ते प्रत्येक वेळी पाणी कमी काढावं लागेल आणि बीपी कमी पडेल म्हणून.

आता औषधांची पिशवी. इथे मी जरा सविस्तर लिहिते, कारण खरोखर उलटवता येईल असं कारण बहुतेकदा इथेच सापडतं.

पायाला मुंग्या येतात म्हणून दिलेली "नसांची व्हिटॅमिनची गोळी" काढा आणि पाठीमागचं बारीक अक्षर वाचा. आपल्याकडे मिथाइलकोबालामिनबरोबर (म्हणजे बी-१२) प्रीगाबालिन किंवा गाबापेंटिन एकाच गोळीत सर्रास मिळतं. हे दोन्ही शरीरातून किडनीवाटेच बाहेर पडतात. किडनी बंद असताना नेहमीचा डोस साचत जातो. माणूस झिंगल्यासारखा चालतो, हातातली वस्तू पडते, बोलणं अडखळतं. उचकीसाठी किंवा कंबर धरली म्हणून दिलेलं बॅक्लोफेन तर आणखी वाईट, दोन-चार गोळ्यांतही डायलिसिसचा पेशंट बेशुद्धीपर्यंत जाऊ शकतो. खाजेसाठीची सेट्रिझिन निम्म्या डोसातच द्यायची असते. झोपेसाठीचं अल्प्राझोलम किंवा क्लोनाझेपाम, लघवीच्या घाईसाठीचं ऑक्सिब्युटिनिन, नसांच्या दुखण्यासाठीचं अमिट्रिप्टिलिन, नागिणीसाठीचं असायक्लोव्हिर, तापात हॉस्पिटलमध्ये लावलेलं सेफेपिम, हे सगळे याच यादीत. यातली काही गरजेची असतील. स्वतःहून अचानक बंद करू नका, विशेषतः झोपेची गोळी आणि बॅक्लोफेन. यादी घेऊन नेफ्रॉलॉजिस्टकडे, म्हणजे किडनीच्या डॉक्टरांकडे, जा आणि प्रत्येक नावापुढे "डायलिसिसमध्ये हा डोस बरोबर आहे का?" हा प्रश्न विचारा. त्वचेचे, हाडांचे, मेंदूचे डॉक्टर वेगवेगळे असतात. सगळी यादी एकत्र पाहणारा कुणीच नसेल तर ती जबाबदारी घरच्यांवर येते.

मधुमेहाकडे पुन्हा बघा. इन्सुलिनचा बराच भाग किडनी नष्ट करते. किडनी गेली की तेच इन्सुलिन जास्त वेळ शरीरात राहतं, आणि पूर्वीचा डोस आता भारी पडू लागतो. ग्लिबेनक्लामाइडसारखी जुनी गोळी चालू असेल तर साखर तासन्तास खाली राहू शकते. पहाटेचा गोंधळ, घाम, चिडचिड यांकडे "वय झालं" म्हणून पाहिलं जातं. गोंधळ असेल तेव्हा आधी ग्लुकोमीटर लावा. वर्षानुवर्षं मेटफॉर्मिन घेतलेल्या, त्यात शाकाहारी माणसात बी-१२ कमी असू शकतं, ते तपासा. थायरॉइड, सोडियम, कॅल्शियम, हिमोग्लोबिनही बघा. हिमोग्लोबिन मात्र फार वर ओढण्याचा हट्ट नको. २००९ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या चाचणीत, मधुमेह आणि किडनीचा आजार असलेल्या, डायलिसिसवर न गेलेल्या पेशंटांचं हिमोग्लोबिन इंजेक्शनने १३ पर्यंत न्यायचा प्रयत्न केला, तेव्हा पक्षाघाताचं प्रमाण वाढलं.

एक फळही या यादीत आहे. शाळेबाहेरच्या गाडीवर तिखट-मीठ लावून मिळणारं कमरख, कोकणात करंबळ, बाजारात स्टार फ्रूट. त्यातलं कॅरम्बॉक्सिन हे द्रव्य निरोगी किडनी बाहेर टाकते. किडनी निकामी असताना एखाद्या फळानेही न थांबणारी उचकी, भ्रम, फिट आणि मृत्यूसुद्धा होऊ शकतो. बाबांना ते कधीच देऊ नका. भस्मं असलेली औषधंही नकोत, त्यातल्या काहींमध्ये शिसं आणि पारा सापडलेला आहे.

ॲसिडिटीचं गुलाबी सिरप नेहमी घेत असतील तर त्यात ॲल्युमिनिअम हायड्रॉक्साइड आहे का ते पाहा. यामागे आमच्या शाखेतला एक मोठा धडा आहे. १९७२ साली अमेरिकेतल्या डेन्व्हरच्या डॉक्टरांनी डायलिसिसच्या पेशंटांतला एक भयंकर आजार नोंदवला: बोलणं अडखळतं, झटके येतात, स्मृती जाते आणि काही महिन्यांत मृत्यू. १९७६ मध्ये त्यांनी दाखवलं की या पेशंटांच्या मेंदूत ॲल्युमिनिअम साचलेलं होतं. ते डायलिसिसच्या पाण्यातून आणि फॉस्फरस कमी करण्याच्या गोळ्यांतून येत होतं. पाणी आरओने शुद्ध करायला लागल्यावर आणि त्या गोळ्या मागे पडल्यावर तो आजार जवळपास नाहीसा झाला. पेशंटांनी आणि त्यांच्या घरच्यांनी त्या काळी अभ्यासाला साथ दिली नसती तर "डायलिसिसवर असं होतंच" म्हणून सगळे गप्प बसले असते. स्मृतीवरच्या अभ्यासाबद्दल मला इतकी आस्था का आहे, ते यावरून कळेल.

आजची स्थिती पाहू. मिनियापोलिस परिसरातल्या ५५ वर्षांवरच्या ३७४ डायलिसिस पेशंटांचा अभ्यास २००६ साली प्रसिद्ध झाला. आकलनक्षमता पूर्ण ठीक असलेले फक्त १२.७ टक्के निघाले, तीव्र बिघाड असलेले ३७ टक्के. आणि फाइलमध्ये तशी नोंद असलेले? २.९ टक्के. त्या आकड्याची मला आजही चिंता वाटते, कारण पथ्य, गोळ्या, पाण्याचं मोजमाप हे सगळं आम्ही याच माणसांना पाठ करायला सांगतो. डायलिसिसच्या कितीतरी आधीपासून हे सुरू होतं. अमेरिकेतल्या २३ हजारांवर लोकांच्या एका पाहणीत, ईजीएफआर (किडनी किती काम करते ते सांगणारा आकडा) ६० च्या खाली गेल्यावर दर १० अंकांच्या घटीमागे आकलनातल्या बिघाडाची शक्यता ११ टक्क्यांनी वाढलेली दिसली.

कारण बरंचसं रक्तवाहिन्यांत आहे. हृदयातून निघणाऱ्या रक्ताचा साधारण पाचवा हिस्सा दोन किडन्यांकडे आणि सुमारे १५ टक्के मेंदूकडे जातो. दोन्हीकडच्या बारीक वाहिन्या मोठ्या वाहिन्यांच्या दाबाला थेट तोंड देतात, आणि मधुमेह व बीपी दोन्ही ठिकाणी सारखंच नुकसान करतात. शिवाय इन्डॉक्सिल सल्फेटसारखी प्रथिनांना चिकटून राहणारी विषद्रव्यं मशीनने नीट निघत नाहीत.

औषधांच्या चाचण्या वाचताना एक सावधगिरी बाळगा: त्यात बाबांसारखा माणूस होता का? वरचं बीपी १२० च्या खाली ठेवण्याची अमेरिकी स्प्रिंट चाचणी सगळीकडे सांगितली जाते. ९,३६१ लोक होते, स्मृतीतला सौम्य बिघाड १९ टक्क्यांनी कमी झाला, डिमेन्शियातली घट मात्र निर्णायक नव्हती. पण त्यात मधुमेह असलेले आणि डायलिसिसवरचे लोक घेतलेच नव्हते. तो आकडा तसाच उचलून बाबांचं बीपी खाली ओढलं तर मशीनवर ते आणखी कोसळेल. डायलिसिसचं द्रावण थोडं थंड ठेवल्याने मेंदूच्या पांढऱ्या भागाचं रक्षण होतं, असं ब्रिटनमधल्या ७३ पेशंटांच्या अभ्यासात दिसलं. पुढे कॅनडातल्या १५ हजारांवर पेशंटांच्या चाचणीत हृदयविकार मात्र त्याने कमी झाले नाहीत, आणि लोकांना थंडी वाजली. बीपी वारंवार पडत असेल तर करून पाहायला हरकत नाही, एवढंच मी म्हणेन. यशस्वी प्रत्यारोपणानंतर काही अभ्यासांत स्मृती आणि वेग सुधारलेले दिसले आहेत. म्हणून विसराळूपणाच्या भीतीने प्रत्यारोपणाचा विचार परस्पर सोडून देऊ नका.

रक्तातून अल्झायमर ओळखण्याच्या नव्या चाचण्यांबद्दल विशेष काळजी घ्या. पी-टाऊ नावाचं प्रथिन किडनीच्या आजारात, अल्झायमर नसतानाही, वाढलेलं दिसू शकतं. २०२२ मध्ये अमेरिकी संशोधकांनी हे दाखवलं. अशा एका रिपोर्टवर घर हादरून जाऊ देऊ नका. आणि पुढेमागे मेमँटिन हे डिमेन्शियावरचं औषध द्यायची वेळ आली, तर डोस निम्मा करावा लागतो, हे लिहून देणाऱ्याला आठवण करून द्या.

एक गोष्ट मात्र लांबणीवर टाकता येत नाही. बाबा पडले असतील, डोकं हलकंसं आपटलं असेल, आणि त्यानंतर दिवसांत किंवा आठवड्यांत गुंगी, डोकेदुखी, एका बाजूला अशक्तपणा असेल, तर त्याच दिवशी डोक्याचा साधा सीटी स्कॅन करा. डायलिसिसमध्ये रक्त गोठू नये म्हणून हेपॅरिन दिलं जातं, आणि कवटीखाली हळूहळू रक्त साचू शकतं. वेळेत कळलं तर उपाय आहे.

आता संमतीपत्र. घरी आणा, बाबांबरोबर डायलिसिस नसलेल्या दिवशी वाचा. माहितीपत्रक मराठीत मिळणं हा तुमचा हक्क आहे. त्यावर नैतिकता समितीची मंजुरी आणि समितीचा संपर्क असला पाहिजे. नवीन औषधाची चाचणी असेल तर सीटीआरआय या राष्ट्रीय नोंदणीत तिचा क्रमांक सापडला पाहिजे, नियंत्रित औषध-चाचण्यांना ती नोंद २००९ पासून सक्तीची आहे. फक्त प्रश्नोत्तरं आणि रक्ततपासणी आहे की औषधही द्यायचं आहे, हा पहिला प्रश्न. चाचणी डायलिसिसच्या कोणत्या वेळी घेणार, हा दुसरा, आणि त्यावरूनच अभ्यास किती विचारपूर्वक आखलाय ते कळेल. बिघाड सापडला तर तो आम्हाला सांगणार का, आणि पुढे काय करणार? अभ्यासासाठीच्या तपासण्यांचे पैसे कुणी भरायचे? इजा झाली तर? मध्येच बाहेर पडलो तर डायलिसिसच्या जागेवर काही परिणाम होणार नाही ना? शेवटच्या प्रश्नाचं उत्तर लेखी "नाही" असलं पाहिजे.

सही बाबांचीच हवी, त्यांना समजत असेल तोवर. वाचून झाल्यावर त्यांनाच विचारा: "यात तुम्हाला काय करावं लागणार आहे?" त्यांच्या शब्दांत सांगता आलं तर निर्णय त्यांचा. नाही आलं तर दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा एकदा. तरीही जमत नसेल तर कायदेशीर प्रतिनिधी म्हणून घरच्या माणसाला सही करता येते, पण तेव्हाही बाबांनी मान हलवून नको म्हटलं तर ते नकोच समजायचं.

घरात आजपासून: सात खणांची गोळ्यांची डबी, आणि ती कुणीतरी दुसऱ्याने भरायची. सेंटरमधली प्रत्येक सूचना बाबांबरोबर तुम्हालाही द्यायला सिस्टरना सांगा. डायलिसिसच्या संध्याकाळी पैशांचे व्यवहार नकोत, एकट्याने ट्रेनचा प्रवासही नको. मेंटेनन्सचा हिशेब मात्र त्यांच्याकडून काढून घेऊ नका. दुसऱ्या दिवशी सकाळी, टीव्ही बंद करून, एका वेळी एक पान, अशा रीतीने करू द्या. औषधांत आणि ड्राय वेटमध्ये बदल झाल्यावर सहा ते आठ आठवड्यांनी त्याच वेळी, त्याच भाषेत मोका पुन्हा करा, आणि दोन्ही वेळचे कागद घेऊन न्यूरॉलॉजिस्टकडे जा.